सातवा डबा

रुज्जेरो वाल्सांतीचं नाव
नाशिक रोडला पाच-सहा जणांनाच ठाऊक होतं,
आणि त्यातले तिघे ते चुकीचं म्हणायचे.

आम्ही प्रेसमधली माणसं.
दिवसभर नोटा छापायच्या, मोजायच्या,
सुटताना झडती देऊन रिकाम्या खिशाने बाहेर.
महिन्यातून एका रविवारी
शाळेच्या हॉलच्या खिडक्यांना सतरंज्या लावून
परदेशी सिनेमा. वर्गणी दोन रुपये.
मशीन चालवायला शरणपूरचा एलिया पारखे
आणि पडद्यावरची इंग्रजी अक्षरं वाचून
मोठ्याने मराठी करायला मी.

वाल्सांतीची माहिती एका सायक्लोस्टाईल कागदावर आली,
शाई मधेच फुटलेली.
मिठाच्या काट्यावरच्या कारकुनाचा मुलगा.
विशीत रोमला गेला आणि लिहू लागला,
दुसऱ्यांसाठी.
युद्धाआधी पांढऱ्या टेलिफोनवाल्या दिवाणखान्यांचे विनोद.
युद्धात काय लिहिलं ते कळलं नाही,
नेमकी तिथेच शाई फुटली होती.
नंतर तलवारी, नंतर पिळदार दंडांचे पहिलवान.
एकेचाळीस पटकथा,
त्यांतल्या अकरांवर नाव.
बाकीच्या तीस कुणाकुणाच्या सहीने चालल्या.

अरिंगळे एकदम म्हणाला,
"म्हणजे आपलाच माणूस की."
अरिंगळे नोटेच्या प्लेटा घासायचा.
बावीस वर्षं त्याच्या हाताखालून गेलेल्या नोटांवर
सही मात्र मुंबईच्या साहेबाची.

मग पन्नाशीला टेकल्यावर
सासऱ्याची तेलाची घाणी विकून
वाल्सांतीने स्वतःचा सिनेमा काढला. एकच, काळापांढरा.
गोष्ट एवढीच की नदीवर पूल होतो,
आणि होडीवाला दुसऱ्या दिवशीही
वेळेवर होडी लावतो.

सहा डबे आले. सातवा
मनमाडला गाडी बदलताना
भुसावळकडे गेला की दौंडकडे, देव जाणे.
आम्ही सहाच दाखवले.
होडीवाला दोर सोडतो,
पुलावरून कुणीतरी त्याला हाक मारतं,
तो मान वळवू लागतो
आणि पांढरं.
चाकावर फिल्मचं टोक फडफडत राहिलं.
मी सवयीने तोंड उघडून बसलेलो.

कुणी उठेना.
मग बिटकोच्या चौकात, चहाच्या गाडीवर,
शेवट लागू लागले.
दोंदे मास्तरांनी त्याला पुलावरच टोल घ्यायला बसवलं.
सुलभा गायधनी (बायकांत ती एकटीच यायची)
म्हणाली, हाक त्याला नव्हतीच मुळी,
मागे त्याच नावाचा दुसरा कुणी असणार.
एलिया भजी खात होता.
म्हणाला, तो होडी पालथी घालतो
आणि तिला डांबर लावतो.
अरे पण पूल झालाय ना?
झालाय. तो डांबर लावतो.

परवा नातीने फोनवर अख्खा सिनेमा काढून दिला.
एलिया गेला, अरिंगळे गेला,
हॉलच्या जागी मोटारींचं शोरूम आहे.
शेवट पाहिला. अकरा मिनिटं.
हाक मारणारा हरवलेला भाऊ निघतो,
दोघं गळ्यात पडतात, व्हायोलिनं सुटतात,
आणि होडी वाहत जाते मावळतीकडे,
अगदी बरोबर मधोमध.
तीस वेळा परक्यासाठी लिहिलेला हात,
ऐनवेळी सवयीकडे वळला असणार.

राग नाही आला.
रात्री मात्र उठून त्याच्याशी भांडलो, मराठीत.
म्हटलं, बाबा रे, शरणपूरला एक माणूस होता,
तेलकट बोटांनी तुझा शेवट नीट करून गेला.
तुझ्या कानावर आला असता तर तू घेतला असतास
आणि त्याचं नाव दिलं नसतंस.
तुझं तरी कुणी दिलं होतं.

तो कागद अजून आहे माझ्याकडे.
फुटलेल्या शाईखाली पेन्सिलीने लिहिलं,
शेवट : एलिया पारखे.
खाली सही करायला गेलो,
तर कुणाची करायची ते सुचेना.